मोजणीत सुटलेला दिवस

खरं म्हणजे हे मी सांगायला नको. कॉफीभोवती जे बोललं जातं ते तिथल्या तिथे राहावं, असा आमच्या गावचा नेम आहे. आणि मी तर जेबेना. सगळ्यांच्या मधोमध बसून सगळं ऐकणारी. मीच बोलायला लागले तर माणसं माझ्यासमोर बोलायची बंद होतील. पण आत्ता कॉफीची दुसरी फेरी संपली आहे, तिसरीसाठी झऱ्याचं पाणी यायचं आहे, आणि शेगडीतले निखारे मऊ झाले आहेत. तेवढ्या वेळात सांगून टाकते. माझं नाव मात्र घेऊ नका.

जेबेना म्हणजे कॉफी उकळायची मातीची काळी सुरई. गोल पोट, लांब गळा, एक कान आणि एक छोटी चोच. गाळ कपात जाऊ नये म्हणून चोचीत घोड्याच्या शेपटीच्या केसांचा बोळा असतो. बूड गोल असल्यामुळे मला गवताच्या चुंबळीवर बसावं लागतं. चुंबळीशिवाय मला स्वतःचा तोल सावरता येत नाही, हे मी आधीच कबूल करते.

माझा जन्म इथिओपियात, गोज्जामच्या डोंगरातल्या एका गावाच्या खाली, ओढ्याकाठी झाला. तिथे कुंभारांची चार घरं आहेत. आमच्याकडे भांडी बायका घडवतात, आणि त्या चाक वापरत नाहीत. देब्रितूने ओढ्याची माती आणली, जुन्या फुटक्या भांड्यांचा चुरा करून तिच्यात मळला आणि मांडीवर घेऊन मला वळलं. म्हणजे माझ्या अंगात माझ्या कितीतरी आज्या-पणज्या आहेत. माझा गळा तिने दोनदा केला. पहिला तिला पसंत पडला नाही.

मी सावलीत वाळत असताना ती माझ्याशी बोलायची. "घाई करू नकोस गं. वरून वाळलीस आणि आत ओली राहिलीस, तर जाळात तडकशील. मग मला बोल लावशील." मी घाई केली नाही. जाळातून निघाले तेव्हा तिने मला पाण्याने भरलं, कानाजवळ धरलं, थेंब पडतो का ते ऐकलं आणि म्हणाली, "शहाणी आहेस."

मी तिच्या घरी बत्तीस दिवस होते. तेवढंच माझं माहेर.

मग शनिवारच्या बाजारात अस्नाकेचने मला चार ओंजळी जवाला घेतलं. ती वर टेकडीवर राहणारी, चाळिशीची विधवा. तिने बोटाच्या पेराने मला वाजवून पाहिलं.

"गळायची नाही ना?"

"गळली तर परत आणा, एतिये," देब्रितू म्हणाली. मानाच्या बाईला आमच्याकडे एतिये म्हणतात.

अस्नाकेचने जव देब्रितूच्या हातात दिला नाही. जमिनीवर फडकं पसरून त्यावर ओतला आणि ती दोन पावलं मागे सरली. मला वाटलं, वर राहणाऱ्या माणसांची पद्धत असेल.

पद्धतच होती ती. आमच्या गावात कुंभारणीची नजर वाईट समजतात. तिच्यासमोर खायचं नाही, प्यायचं नाही, तिला उंबऱ्याच्या आत घ्यायचं नाही. ती दारावरून गेली की भाकरीच्या टोपलीवर कापड ओढायचं. शेजारची बायूश तर शपथेवर सांगायची की रात्री देब्रितूचं तरस होतं आणि ते गावाभोवती फिरतं. मी बत्तीस रात्री तिच्या उशाशी काढल्या आहेत. ती घोरते. याहून जास्त काही होत नाही. पण मला कोण विचारतं?

लेक सासरी गेली की आई कधीतरी येऊन डोळे भरून बघून जाते. माझी आई दर शनिवारी कुंपणापलीकडून जायची, पाठीवर मडक्यांचा डोंगर घेऊन. अस्नाकेचच्या घरातला पाण्याचा रांजण तिच्या हातचा. भाकरी भाजायचा तवा तिच्या हातचा. शेगडी तिची, मी तिची. अर्धं घर तिने घडवलेलं, आणि ती बाहेर उन्हात. तहान लागली तर कुंपणावरून दुधी भोपळ्याचं तुंबं पुढे करायची आणि अस्नाकेच वरून, न शिवता, पाणी ओतायची. अस्नाकेच दुष्ट नव्हती, हे तुम्हाला सांगायला हवं. ती पाणी नेहमी तुंबं भरून ओतायची. फक्त दुरून.

अस्नाकेचचा एक स्वभाव होता. ती आजच्या घरात कधी नसायचीच. तिचा मुलगा गेतनेत आदिस अबाबाला मालमोटार चालवायचा, आणि ही इथे बसून तो येण्याच्या दिवसात राहायची. सोनेरी काठाचे कप गेतनेत आल्यावर. चांगलं लोबान गेतनेत आल्यावर. एकदा तिने मोठा भोपळा गेतनेतसाठी ठेवला होता. तो गेतनेतची वाट बघून कुजला. कॉफी ओततानाही तिचे डोळे रस्त्यावर असायचे, त्यामुळे कितीदा तरी तिने कपाच्या बाहेर ओतलं आणि नाव माझं झालं. "ही चोच नीट नाही," म्हणायची.

तशी सगळीच माणसं थोडीफार अशी असतात. आमच्याकडे कॉफीच्या तीन फेऱ्या असतात, त्याच बियांवर पुन्हा पुन्हा पाणी. पहिल्या फेरीला माणसं झालेलं उगाळतात, दुसरीला होणाऱ्याची काळजी करतात. तिसरीपर्यंत कॉफी इतकी पातळ होते की बोलण्यालाही जोर राहत नाही. मग कुठे ती समोरच्याकडे बघतात आणि म्हणतात, "तुझ्या हाताला काय लागलं गं?" हात सकाळपासून बांधलेला असतो. या तिसऱ्या फेरीला बरका म्हणतात, म्हणजे आशीर्वाद. ती घेतल्याशिवाय उठायचं नसतं. मला वाटतं, हा नेम कुणीतरी माणसांना नीट ओळखून केला आहे.

मी सासरी येऊन चौथं वर्ष होतं. पावसाळा सरत आला होता आणि गेतनेतचा निरोप आला, नव्या वर्षाच्या दिवशी येतो. झालं, अस्नाकेच दिवस मोजायला लागली. आमच्या वर्षाला बारा महिने तीस तीस दिवसांचे असतात, आणि शेवटी पागुमे नावाचा चिमुकला तेरावा महिना, पाच दिवसांचा. तो संपला की दुसऱ्या दिवशी नवं वर्ष. पागुमे लागल्यापासून अस्नाकेच रोज सकाळी भिंतीवर कोळशाची रेघ मारायची. पाच रेघा झाल्या.

सहाव्या सकाळी तिने जमिनीवर हिरवं गवत अंथरलं, पिवळी फुलं दाराला खोचली, सोनेरी काठाचे कप काढले, चांगलं लोबान पेटवलं. जाड भाकर आदल्या संध्याकाळीच भाजली होती. बिया भाजून, कुटून मला शेगडीवर चढवलं. मी उकळले. कुणी आलं नाही. तिने मला उतरवलं, पुन्हा चढवलं. गेतनेत नाही, शेजारी नाही.

शेवटी ती कुंपणापाशी गेली. गाशे आदमासू गाढव हाकत बाजाराकडे चालले होते. गाशे म्हणजे काका. ते गावातले सगळ्यांत वडील, आणि सगळ्यांत कॉफीबाज.

"गाशे, सणाच्या दिवशी बाजार?"

"कसला सण?"

"नवं वर्ष नाही का आज?"

गाशे थांबले. गाढवही थांबलं. "बाई, हे संत लूकच्या नावाचं वर्ष. चार वर्षांतून एकदा पागुमे सहा दिवसांचा असतो, ते विसरलीस? नवं वर्ष उद्या."

"मग आज काय आहे?"

"आज?" त्यांनी जरा विचार केला. "आज काही नाही. आज सहावा."

"मग कॉफी तरी घ्या. तयार आहे."

गाशेंनी नाक वर करून वास घेतला. त्यांच्या चेहऱ्यावर खरोखर दुःख दिसलं. "बाजार उठेल गं. सणाची मेंढी आणायची आहे. सून मला आज घरात घेणार नाही." आणि ते गेले. सगळं गावच बाजाराला गेलं होतं.

अस्नाकेच परत येऊन गवतावर बसली. मांडलेले सहा कप, आणि ती एकटी. आमच्याकडे एकटीने कॉफी पिणं म्हणजे एकटीने भांडण्यासारखं आहे, कुणी करत नाही. तिला रडू येत होतं की हसू, हे मला कळेना. तेवढ्यात कुंपणापलीकडून देब्रितू गेली. तिची मडकी भल्या पहाटे विकली गेली होती, आणि ती रिकाम्या पाठीने घरी चालली होती.

"देब्रितू," अस्नाकेचने हाक मारली.

"काय फुटलं, एतिये?" भांडं फुटल्याखेरीज तिला कुणी हाक मारत नसे.

"काही फुटलं नाही. कॉफी घेतेस?"

देब्रितूने कमरेचं तुंबं सोडून कुंपणावरून पुढे केलं. अस्नाकेच मला घेऊन गेली, तुंब्याकडे बघत राहिली. मी वाफाळत होते.

"उकळती आहे. यात कशी पिशील?" ती म्हणाली. "आत ये."

हे तिच्या तोंडून कसं निघालं, तिलाही कळलं नसावं. मला वाटतं, तो दिवसच तसा होता. तिच्या मोजणीत तो नव्हताच. जो दिवस नाहीच, त्या दिवशी केलेल्या गोष्टीबद्दल कोण विचारणार?

देब्रितू उंबऱ्यावर इतका वेळ उभी राहिली की मला तिची भीती वाटायला लागली, म्हणजे ती परत जाईल याची. मग तिने चपला काढल्या आणि आत आली. अगदी कडेला, गवत जिथे संपतं तिथे बसली. आणि तिची नजर माझ्यावर पडली.

"ही अजून आहे?"

"चार वर्षं झाली. गळा मात्र वाकडा आहे हिचा."

"गळा मी दोनदा केला होता. वाकडा असेल तर तुमच्या धरण्यानं झाला असेल, एतिये."

अस्नाकेचला आधी राग आला, मग हसू फुटलं. वाईट नजरेच्या बाईकडून अशी चेष्टा तिने अपेक्षिली नव्हती. पहिला कप प्यायल्यावर ती जरा वेळ स्वतःचं पोट चाचपत राहिली. काही झालं नाही. दुसऱ्या कपाला तिने मोजणीची गोष्ट सांगितली, रेघांसकट.

"म्हणजे मुलाच्या घाईत तुम्ही एक आख्खा दिवस गिळलात," देब्रितू म्हणाली.

"गिळलाच म्हण."

"बरं झालं, घशात अडकला. नाहीतर मला कॉफी कशी मिळाली असती?"

त्या दिवशी अस्नाकेचने रस्त्याकडे एकदाही बघितलं नाही. एक थेंबही बाहेर सांडला नाही. मी मोजून होते.

तिसऱ्या कपानंतर देब्रितू उठली, आणि अस्नाकेच नेहमीच्या सवयीने म्हणाली, "उद्या ये हं. नवं वर्ष आहे."

ही बोलायची रीत असते. जाणाऱ्याला सगळेच म्हणतात. पण देब्रितूला असं कधी कुणी म्हटलंच नव्हतं. तिला ते खरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी घर भरलं. गाशे आदमासू मानाच्या जागी, त्यांच्याशेजारी बायूश, पलीकडे वरच्या आळीच्या दोघी. गवत तेच, कालचं, जरासं सुकलेलं. बायूशने ते बरोबर हेरलं. "काल तुझ्याकडे लोबान जळत होतं म्हणे. कुणासाठी गं?" अस्नाकेच माझ्या चोचीतला बोळा नीट करत बसली. गेतनेत आला नव्हता.

आणि दाराशी देब्रितू उभी राहिली. धुतलेली पांढरी शाल, सणाला लावतात तसं केसांना लोणी, हातात पिवळी फुलं. इतकी नटलेली मी तिला कधी पाहिली नव्हती. "एतिये, वर्ष सुखाचं जावो," ती म्हणाली.

बायूशने भाकरीच्या टोपलीवर कापड ओढलं आणि आपला कप तळव्याने झाकला. वरच्या आळीच्या दोघींनी तेच केलं. देब्रितूने ते बघितलं. तिला कळलं की काल तिला जे वाटलं ते आज खरं नाही. ती वळायला लागली.

मी तेव्हा अस्नाकेचच्या हातात होते. तिच्या तळव्याला घाम आला होता, तो माझ्या कानाला लागत होता. मला वाटत होतं, एकदाच, फक्त एकदाच मला ओरडता यावं. माझी आई दारातून परत चालली होती, आणि मी कॉफीने गच्च भरून गप्प होते.

"थांब," अस्नाकेच म्हणाली. मग तिने सगळ्यांकडे वळून सांगून टाकलं. "काल मी एक दिवस आधीच सण मांडून बसले. मोजायला चुकले. तुम्ही कुणी आला नाहीत. ही आली. हिने माझ्या घरात तीन कप घेतले, माझ्यासमोर, आणि मी तिच्यासमोर. मी मेले का?"

"चेहरा उतरलाय तुझा," बायूश म्हणाली.

"तो गेतनेत आला नाही म्हणून."

"अस्नाकेच, ती इथे बसणार असेल तर मी उठते."

"बरका घेऊन ऊठ."

बायूश उठली. दोघी तिच्या मागे गेल्या. जाताना बायूश देब्रितूच्या अंगाला शाल लागू नये म्हणून इतकी तिरपी झाली की दाराच्या चौकटीला आपटली. कुणी हसलं नाही. गाशे आदमासू मात्र जागचे हलले नाहीत. त्यांनी कप पुढे केला.

"गाशे, तुम्ही?" अस्नाकेचने विचारलं.

"मला तरस चालेल," गाशे म्हणाले, "गार कॉफी चालत नाही. आणि काल एकदा हुकली आहे."

देब्रितू त्यांच्याशेजारी बसली. फुलं कुठे ठेवावीत ते तिला सुचेना, म्हणून ती तिसऱ्या कपापर्यंत ती हातातच धरून होती. गेतनेत तिसऱ्या दिवशी आला, गाडीचं काहीतरी बिघडल्याचं सांगत. अस्नाकेच त्याला म्हणाली, "ये, बस, आत्ताच उकळली आहे." जणू तो शेजारूनच आला होता.

बायूश अकरा महिने आली नाही. अकरा महिने आमच्या कॉफीचा वास कुंपणावरून तिच्या घरात जात राहिला. मग एका सकाळी ती मीठ मागायला आली आणि दाराशी टेकली. त्यानंतर ती येऊ लागली, पण तिचं स्टूल दाराजवळ आणि कपावर तळवा. मी कुणाच्या बाजूने बोलत नाही, फक्त पाहिलेलं सांगते. तिचं स्टूल दर पावसाळ्यात एक हात आत सरकलं. तळवा कधी उठला, तो दिवस मला नेमका सांगता येणार नाही. बहुतेक तिलाही येणार नाही. ती तेव्हा सुनेच्या तक्रारी सांगत होती, आणि बोलायला तिला दोन्ही हात लागतात.

गाशे आदमासू आता नाहीत. त्यांची आठवण मला पहिला कप ओतताना येते. माझी चोच फुटली आहे, पोटावर एक बारीक भेग आहे, अस्नाकेच ती कॉफीच्या गाळाने लिंपते. आमच्यातल्या बऱ्याच जणी दोन-चार पावसाळ्यांत संपतात, मला बारा मिळाले. तक्रार नाही. भेग जेव्हा रुंदावेल तेव्हा देब्रितू माझा चुरा करील आणि नव्या मातीत मळील. मी आज त्या दिवसाचाच विचार करत बसले तर ही कॉफी कोण उकळेल?

आणि आज कसलाही सण नाही. साधा मंगळवार आहे. देब्रितूचा गुडघा सुजला आहे, तिला टेकडी चढवत नाही. दोन आठवडे ती आली नाही, तेव्हा अस्नाकेचने आज सकाळी मला टोपलीत घातलं आणि म्हणाली, "ती येत नाही तर आपण जाऊ." कुंभारांच्या घरी वरची बाई कॉफी प्यायला गेल्याचं आमच्या गावात कुणी ऐकलेलं नाही. मी बारा वर्षांनी माहेरी आले आहे. ओढ्याचा आवाज तोच आहे. घर मला आठवत होतं त्याहून लहान आहे.

बायूश आमच्याबरोबर आली. "मी फक्त टोपली धरायला येतेय, आत येणार नाही," असं ती टेकडी उतरेपर्यंत सांगत होती. पहिला कप तिने उंबऱ्याबाहेर उभ्याने घेतला. दुसरा उंबऱ्यावर बसून. देब्रितू नुसती मला कलती करून ओतत राहिली. आता पाणी आलं आहे, मला पुन्हा निखाऱ्यावर ठेवलं आहे, आणि पोटात कोमट कोमट वाटायला लागलं आहे.

तुमच्याकडे माझं एकच मागणं आहे. मी काही शिकलेली नाही, पण इतकी वर्षं माणसांच्या मधोमध बसून एक गोष्ट माझ्या लक्षात आली आहे. तुमच्याही कुंपणावरून रोज कुणीतरी जात असेल, तिला चांगला दिवस बघून बोलावू म्हणून थांबू नका, कारण चांगला दिवस असा वेगळा कुठे—

"देब्रितू, ती जेबेना उतू जाईल," बायूश म्हणते आहे. आवाज आतून येतो आहे, माझ्या अगदी जवळून. "आण इकडे. आणि जरा सरक गं, मला बसू दे. बरका घेतल्याशिवाय मी काही—"